संचिताच्या जागेचा कौल

नर्मदा लग्न होऊन गुरववाडीत आली, त्याच वर्षी तिने ते भांडण ऐकलं. मुद्दाम कान देऊन नव्हे. ती चुलीपुढे पेज ढवळत होती आणि पडवीतलं बोलणं मातीच्या भिंतीला न विचारता आत येत होतं.

"डावो कौल इतक्या बेगीन कसो झालो?" सासरे विचारत होते.

"झालो म्हणान झालो," तिचा नवरा धोंडू म्हणाला. तेव्हा त्याला मिशी नुकती फुटली होती.

"माका शिकवतंस? जन्म गेलो माझो कळे लावण्यात. अंगठो खंय दाबलंस ता सांग."

धोंडू नुसता खाकरला.

"राधाबाय पोरां घेवन रस्त्यार इली. तिच्या दिरान तुका काय दिल्यान?"

"देवाक इचारा."

"देवाक तू इचारलंस, म्हणान मी तुका इचारतंय."

मग कोणीतरी उठलं, कोणीतरी अंगणात थुंकलं, आणि नर्मदेची पेज करपली. तिला त्या दिवशी बोलणी बसली ती पेजेबद्दल.

आमच्याकडे काही अडलं की रवळनाथाला विचारतात. गुरव चाफ्याच्या दोन पाकळ्या, म्हणजे कळे, भिजवून मूर्तीच्या दोन अंगांना चिकटवतो, गाऱ्हाणं घालतो आणि थांबतो. उजवी आधी पडली तर हो, डावी पडली तर नको. अंगठ्याने दाबलेली पाकळी चिकटून राहते, म्हणून दाबायचं नाही. जमिनी, लग्नं, आजारपणं, होडी घ्यायची की नाही, सगळं त्या दोन पाकळ्यांवर. वाडीतल्या राधाबाईने सासरच्या घरात राहावं का, असा कौल तिच्या दिराने लावला, तो डावा पडला, आणि ती बिचारी पोरं घेऊन माहेरी गेली. सासऱ्यांनी ते मनातून कधी काढलं नाही. पुढे ते गेले. नर्मदेनेही नवऱ्याला कधी विचारलं नाही. विचारायला संसारात वेळ असतो, पण धीर लागतो.

नर्मदा दोडामार्गाकडची. बापाची काजूची बाग, शाळा दुसरीपर्यंत. दुसरीतसुद्धा ती काजू भाजायच्या दिवसांत जायचीच नाही, त्यामुळे पाटीपेक्षा तिचा हात चुलीवर जास्त बसला. लिहिता येत होतं ते स्वतःचं नाव आणि गावाचं. "मेल्यावर तेवढां पुरे," असं ती म्हणायची.

गुरवाच्या घरात तिच्याकडे दोन कामं आली, ती जन्मभर तिच्याकडेच राहिली. पहिलं काम फुलांचं. बायकांनी गाभाऱ्यात जायचं नाही, पण कौलाचं फूल बाईनेच आणायचं, ही त्या घरची रीत. दोन्ही पाकळ्या एकाच चाफ्याच्या हव्यात, म्हणजे वजन सारखं. केळीच्या पानावर उजवी उजवीकडे, डावी डावीकडे. दुसरं काम प्रसादाचं. ज्याने कौल लावला त्याच्या घरी दिवेलागणीच्या आत नारळाची कवड, म्हणजे फोडलेली अर्धी वाटी, आणि फुलं नेऊन द्यायची. सासूने शिकवलं होतं: प्रसाद हातात दे, पाणी दिल्यानी तर पी, कौलाबद्दल अवाक्षर बोलू नको, परत ये. कौल उजवा असो की डावा. नर्मदेला गप्पांची भारी हौस, तरी हे तिने पाळलं. त्या एका वाटेवर तिची जीभ उपास करायची.

आणि मग मोबाईल आला. देऊळ टेकाडावर, गुरवांचं घर देवळाला लागून, म्हणून सगळ्या वाडीत रेंज फक्त नर्मदेच्या पडवीत. टेकाडाखाली राहणाऱ्या बाळाची मुलगी संचिता अकरावीपासून तिथे येऊन बसायला लागली. कानात ते बोंडं घालून तासन्‌तास शिकायची, भिंतीवर खडूने आकडे लिहायची. धोंडू कुरकुरला. नर्मदा म्हणाली, "लिवंदेत. भिंत खंय फुकट जाता?" आणि दुपारी पेजेची वाटी, त्यावर लोणच्याची फोड, पोरीच्या गुडघ्याशी सरकवून ठेवायची.

एकदा संचिताने तिला वाचून दाखवलं. दूर उत्तरेकडे एक मोठं तंत्रविद्यापीठ होतं, तिला तिथेच जायचं होतं.

"आजी, शंभर जणांनी अर्ज केलो तर थंय चार जणांका घेतत."

"शंभर नारळांतले चार बरे? असो माल कोण इकत घेता?"

"उरलले खवट नसतत गो. बरेच असतत. जागा नाय म्हणान घेनत नाय."

"म्हणजे बरे नारळ टाकून देतत," नर्मदा म्हणाली. "आणि त्या चारांत चेडवां किती?" तिला मुलींचा आकडा हवा होता.

"एक. ता पण धड एक नाय."

नर्मदेने जरा विचार केला. "धड नाय म्हणजे तुझ्यासारख्याच आसतला. खाणा नाय, जेवणा नाय."

संचिता हसली, पण आकडा तिच्या डोक्यात बसला होता आणि आता तो नर्मदेच्याही बसला. भाकरी थापताना ती मनात वाटण्या करायची. देवाकडे सोपं होतं. हो नाहीतर नको, दोनच पाकळ्या. शंभरात चार असला हिशोब रवळनाथाला अजून कोणी घातला नव्हता.

परीक्षा झाली आणि बाळा कौल लावायला आला. बाळा हा सरळ माणूस. खाडीकडेला बापाने लावलेली हापूसची बाग, तीच त्याची मिळकत आणि तीच त्याची ऐट. धोंडूने गाऱ्हाणं घातलं:

"बा देवा रवळनाथा, ह्या बाळाच्या चेडवान मोठ्या शाळेची परीक्षा दिल्यान हा. लांबच्या मुलखात तेका जागा गावतली काय? गावतली तर उजवो दी, नाय तर डावो."

"व्हय म्हाराजा," जमलेले म्हणाले.

उजवी पाकळी पडली. आणि थोड्या दिवसांनी खरोखरच जागा मिळाली. वाडीत नारळ फुटले. संचिता धावत टेकाड चढून आली आणि नर्मदेच्या पडवीत, ज्या भिंतीवर आकडे होते तिथेच, खाली बसून ढसाढसा रडली. आनंदानेच. नर्मदेने तिला पाणी दिलं आणि आपणही उगाच पदराने नाक पुसलं.

जागा गावतली काय, एवढंच देवाला विचारलं होतं. ती केवढ्याला मिळते, हे कोणी विचारलंच नव्हतं.

खर्चाचा कागद मोबाईलवर आला. त्यात वर्षाची फी होती, वसतिगृह, खानावळ, कॉम्प्युटर, प्रवास, आणि सगळ्यात खाली "इतर".

"इतर म्हणजे काय गो?"

"तसाच लिवलला आसा. इतर."

"जा सांगूक तोंड होणा नाय, ता इतर," नर्मदा म्हणाली.

विद्यापीठाने थोडी फी माफ केली होती. अभिनंदन मोठ्या अक्षरांत, माफी बारीक अक्षरांत. उरलेलं चार वर्षांचं एवढं होत होतं, की बाळाने आंब्याचे किती हंगाम घातले असते तरी पुरे पडलं नसतं. बापलेक मालवणला बँकेत गेली. परत आल्यावर संचिताने साहेबाची नक्कल करून दाखवली. "कर्ज मिळेल. एवढ्या रकमेला तारण लागेल. जमीन आहे ना तुमची?" आणि बाबा कसे म्हणाले, "आसा… म्हणजे आहे." नक्कल करून झाल्यावर ती हसली नाही.

"मगे बाबा काय म्हणता?" नर्मदेने विचारलं.

"देवाक इचारूया म्हणतत. सोमवारी पयले पैसे भरूचे आसत. नाय भरल्यार जागा फुडच्याक जातली."

"कौल कधी?"

"शनवारी. बाग गहाण टाकूची काय, असा इचारतले."

नर्मदेने वाटी उचलली आणि आत गेली. तिला बाळाचा चेहरा आठवत होता. जागा मिळाली त्या दिवशी नारळ फोडताना तो मधेमधे खाली बागेकडे बघत होता, आणि ते काही सगळंच आनंदाने नव्हतं.

शनिवारी सकाळी ती नेहमीसारखी चाफ्याखाली उभी राहिली. खाली पडलेलं फूल घ्यायचं नाही, झाडावरचं घ्यायचं. तिने एक टपोरं, भरलेलं फूल काढलं. मग एक बारकं, अर्धं उमललेलं काढलं. दोन फुलं काढायची रीत नव्हती. तिच्या हातांना ते माहीत होतं, म्हणून ते जरा थबकले. मग तिने टपोऱ्या फुलाची जाड पाकळी पानाच्या उजव्या अंगाला ठेवली. जाड पाकळी आधी पडते. बारक्याची पातळ डावीकडे. पातळ पाकळी भिजली की मूर्तीला घट्ट धरून बसते. पान तिने दारातून धोंडूच्या हातात दिलं आणि मान खाली घातली.

बाळा हात जोडून उभा होता. संचिता खांबापाशी. वाडीतली चार माणसं आली होती, कारण दुसऱ्याचा कौल बघायला माणसं नेहमीच येतात.

धोंडूने पाकळ्या पाण्यात बुडवल्या. चिमटीत धरल्या आणि थांबला. मग पाकळ्या पुन्हा पानावर ठेवून तो गाभाऱ्यातून बाहेर आला.

"पाकळ्यो बऱ्यो नाय. बदलूक होयत," तो लोकांना म्हणाला आणि तडक घरामागच्या विहिरीकडे चालू लागला. नर्मदा त्याच्या मागून गेली.

विहिरीपाशी तो तिच्याकडे न बघता म्हणाला, "एका फुलाच्यो नाय ह्यो."

"नाय."

"कोणी सांगल्यान तुका? बाळान?"

"बाळा कशाक सांगात? तेका डावोच व्हयो आसा."

धोंडूने पाकळ्या विहिरीच्या काठावर टाकल्या. नर्मदेला वाटलं, आता हा ओरडेल. तो ओरडला नाही, म्हणून तिच्याच्याने जन्मभराचं विचारवलं.

"राधाबायच्या कौलाक मामंजींनी तुमका इचारललां. मी ऐकललंय. तुमी कायच बोलूक नाय."

"बोलण्यासारख्या काय नव्हता. अंगठो सुदीक लावूक नाय मी."

"मगे तसा सांगलात कित्याक नाय?"

धोंडूने राहाटावर हात ठेवला. "बाबांका वाटला मी लबाडी केली. आणि माका वाटत होता, केली असती तर बरा झाला असता. राधाबाय घरात रवली असती."

नर्मदेने काठावरच्या पाकळ्या उचलल्या. इतकी वर्षं तिला वाटत होतं की आपण एका लबाड माणसाशी गोडीगुलाबीने संसार केला. ते ओझं उतरायला हवं होतं. उतरलं नाही. उलट ह्या माणसाने एकट्याने काय वाहिलं, ते आता तिच्याही खांद्यावर आलं.

"मगे आज करा," ती म्हणाली.

"आज केलंय तर उद्यापासून लोक माका इचारूक येतले, देवाक नाय. आणि माका काय कळता गो? ह्या चेडवाचा चार वर्सांनी काय होतला, माका ठावक आसा? तुका आसा?"

"चेडवाक ठावक आसा."

"मगे बाळान चेडवाक इचारूचा होता. हंय येवचाच नाय." त्याने तोंड पुसलं. "फूल हाड. एकच हाड."

नर्मदेने एकच फूल आणलं. एका फुलाच्या दोन पाकळ्या, सारख्या. त्या पानावर ठेवताना तिला कळलं, की हे आपल्याला आधीच्यापेक्षा जड जातं आहे.

डावी पडली. गाऱ्हाणं संपतासंपताच पडली. उजवी जागची हललीसुद्धा नाही.

नर्मदेने पाकळीकडे बघितलं नाही, बाळाकडे बघितलं. डोक्यावरचा भारा खाली ठेवावा तसे त्याचे खांदे सैल झाले. मग आपण दिसतो आहोत हे ध्यानात येऊन त्याने तोंड दुःखी केलं. संचिता खांबापासून निघाली. ती पडवीत आली, चार्जर काढला, वायर नीट गुंडाळली आणि टेकाड उतरून गेली. त्या घरातला तिचा चार्जर दोन वर्षांत पहिल्यांदाच निघाला.

संध्याकाळी प्रसाद न्यायचा होता. कधी नव्हे तो धोंडू म्हणाला, "मी जावन येतंय व्हयां तर."

"माझा काम आसा," नर्मदा म्हणाली.

बाळाच्या घरी कोणी दिवा लावला नव्हता. बायको आत होती, संचिता माजघराच्या उंबऱ्यावर. नर्मदेने प्रसाद दिला. बाळाने कपाळाला लावला. बायकोने पाणी आणलं, नर्मदा प्यायली. इथे उठायचं असतं. ती उठली नाही.

"बाळा, डावो पडल्यार तुका बरा वाटला मा रे?"

"काकी, असा कित्याक बोलतास?"

"बघलंय म्हणान बोलतंय."

बाळाने आधी बायकोकडे बघितलं, मग जमिनीकडे. "माका भ्या वाटता, काकी. शंभरातल्या शहाण्णवांका थंय नको म्हटल्यानी. म्हणजे हेच्या वर्गात सगळे त्या चारांतलेच. थंय ह्या चेडवाक जड गेला तर? बागय गेली आणि चेडूय रडत परत इला, तर मी खंय बघू?"

नर्मदेला त्यात खोट काढता येईना. हा आकडा तिने नारळांसारखा मोजला होता. बाळाने तो आपल्या पोरीसारखा मोजला होता.

उंबऱ्यावरून संचिता म्हणाली, "शंभरातल्या चारांत इलंय मी, बाबा. घरातल्या एकाक पटवूक जमूक नाय."

आत गाईने दावं ओढल्याचा आवाज झाला.

"सोमवार अजून गेलो नाय," नर्मदा म्हणाली.

बाळाने मान वर केली. तो रागावला नव्हता, खरंच विचारत होता. "देवान नको म्हटल्यान, तेच्या वर मी जाव? आणि ह्या माका कोण सांगता? गुरवाची बायल?"

गुरवाच्या बायकोने कौल मोडायला सांगितला तर उद्या फूल कशाला तोडायचं? "नाय रे," ती म्हणाली. "मी प्रसाद घेवन इललंय." आणि परत आली.

सोमवार गेला. मंगळवारी संचिता एकदाच पडवीत आली, कारण जागेचं काय झालं ते बघायला रेंज तिथेच होती. बोट वर सरकवत तिने बघितलं. "गेली. फुडच्याक दिल्यानी."

"कोणाक?"

"नाव नसता, आजी. नंबर असता."

पुढे तिला सरकारी कॉलेजात प्रवेश मिळाला, दुसऱ्या जिल्ह्यात. फी बागेच्या आंब्यांतून निघण्यासारखी. वाडीतले म्हणाले, देवान बरा केल्यान, बाग वाचली, चेडू शिकताहा. बाळाही तेच म्हणायचा, पण त्या वर्षी त्याने बागेची इतकी राखण केली, एकेका झाडाची इतकी साफसफाई केली, की बघणाऱ्याला वाटावं ह्याला कोणाचं तरी काहीतरी द्यायचं आहे. भिंतीवरचे खडूचे आकडे नर्मदेने पुसले नाहीत. पावसाच्या ओलीने ते आपोआप गेले.

दिवाळीच्या सुटीत संचिता आली. थोडी अंगाने भरली होती, बोलणं कमी झालं होतं. पेजेची वाटी तिने नको म्हटली, मग घेतली.

"कॉलेज कसा आसा?"

"बरा आसा. सोप्या जाता." ते तिने असं सांगितलं, जसं कोणी दुखणं सांगतं.

जरा वेळाने तिने विचारलं, "आजी, त्या दिशी आजो फुलां बदलूक भायर कित्याक इललो?"

नर्मदेला खोटं सहज सांगता आलं असतं. फुलां भिजलली, एवढं पुरे होतं. "पयली फुलां तुझ्या बाजूची होती," ती म्हणाली. "मीच तशी ठेवलली."

"आणि बदलली कोणी?"

"तीय मीच."

संचिताने वाटी खाली ठेवली. तिच्या डोळ्यांत पाणी आलं नाही, ह्याचंच नर्मदेला भय वाटलं.

"सांगलंस कित्याक गो?" पोरगी हळू म्हणाली. "इतके दिवस मी देवार रागावललंय. ता बरा होता. तो खंय हंय पेज घेवन येता?"

ती उठून गेली. सुटी संपून जाताना बसस्टॉपवर तिने लांबून हात केला. नर्मदेने तो हात पुढे किती दिवस मनात उलटसुलट करून पाहिला, निरोपाचा होता की नुसताच होता. धोंडूला तिने विचारलं. तो म्हणाला, "हात केल्यान मा? मगे." त्याच्याकडे इतकंच सांत्वन होतं, आणि तेही त्याने अर्धंच दिलं.

नर्मदा पुढच्या वर्षी मार्गशीर्षात गेली. आजार असा नव्हता. सकाळी उठली नाही. त्याच्या आदल्या आठवड्यात आचऱ्याच्या वाटेवरच्या घरातून यज्ञेशची आई कौल लावायला आली होती. यज्ञेशही तीच परीक्षा देणार होता, त्यालाही तिथेच जायचं होतं. नर्मदेने एक फूल तोडलं, दोन पाकळ्या पानावर मांडल्या, पान धोंडूच्या हातात दिलं. धोंडूने त्या चिमटीत घेतल्या आणि थांबला नाही. उजवा कौल झाला.

दिवेलागणीच्या आत ती प्रसाद घेऊन निघाली. गुडघा दुखत होता, म्हणून टेकाड कडेकडेने उतरली. यज्ञेशच्या आईने नारळाची कवड दोन्ही हातांत घेतली, कपाळाला लावली आणि पाणी आणून दिलं.

"काकी, संचिताकय असोच उजवो झाललो मा, पयलो?"

नर्मदा सावकाश पाणी प्यायली. तांब्या खाली ठेवला.

"बसा मा जरा. चाय टाकतंय."

"नको गो. दिवो लावूचो आसा," ती म्हणाली, आणि पदर खोचून चढाला लागली.